पडद्यावरचा मूकनायक

१

ओम पुरी यांच्याविषयी लिहिताना-बोलताना 'अष्टपैलू नट' हा शब्दप्रयोग हमखास केला जातो. तो खोटा नाही. १९७६ मध्ये पडद्यावर आलेला हा नट ६ जानेवारी २०१७ रोजी मुंबईत वारला. मधली चाळीस वर्षे तो सतत काम करीत राहिला. या काळात त्याने बंगालमधला बटाईदार शेतकरी केला, पोचमपल्लीचा विणकर केला, मुंबईचा फौजदार केला, कलकत्त्याचा रिक्षा ओढणारा केला, दारूच्या तारेतला बिल्डर केला, पान चघळणारा पुढारी केला आणि पाकिस्तानचा लष्करशहाही केला. हिंदीबरोबर मराठी, गुजराती, पंजाबी आणि इंग्रजी चित्रपटांत काम केले. दूरदर्शनवर तो घराघरांत पोचला. एवढा पल्ला असणाऱ्या नटाला अष्टपैलू म्हटले तर त्यात गैर काहीच नाही.

पण हा शब्द फार सोयीचा आहे. एकदा पैलू मोजले की समीक्षकाचे काम संपते. या नटाला कोणत्या भूमिका कोणी दिल्या, त्या भूमिकांना बोलायला काय दिले आणि काय दिले नाही, हे प्रश्न मग विचारावे लागत नाहीत. आपल्याला, म्हणजे चळवळीत वाढलेल्या वाचकाला, हे प्रश्न टाळता येणार नाहीत. कारण १९८० ते १९८८ या आठ-नऊ वर्षांत ओम पुरी यांनी चार वेळा आपला माणूस पडद्यावर उभा केला. 'आक्रोश' (१९८०) मधला आदिवासी लहान्या भिकू, 'भवनी भवाई' (१९८०) मधला अस्पृश्य मालो भगत, 'सद्गती' (१९८१) मधला चर्मकार दुखी आणि 'तमस' (१९८८) मधला कातडी कमावणारा नत्थू. हिंदुस्थानी चित्रपटाच्या इतिहासात दुसऱ्या कोणत्याही मोठ्या नटाच्या वाट्याला गावकुसाबाहेरची एवढी माणसे एका दशकात आली असतील असे मला वाटत नाही. म्हणून ओम पुरी यांच्या कारकिर्दीचा विचार हा केवळ एका नटाचा विचार राहात नाही. शोषितांना पडद्यावर जागा देताना प्रस्थापित कलावंताने त्यांना किती जागा दिली, याचा तो हिशेब होतो.

२

आधी या नटाचे श्रेय त्याला दिले पाहिजे, आणि ते हातचे न राखता दिले पाहिजे.

ओम पुरी यांच्या आधी पडद्यावर अस्पृश्य आलाच नव्हता असे नाही. 'अछूत कन्या' (१९३६) मध्ये देविका राणी होती, 'सुजाता' (१९५९) मध्ये नूतन होती. दोन्ही चित्रपटांचे हेतू चांगले होते. पण त्यांतली अस्पृश्यता हा एका देखण्या, गोऱ्या, सोज्वळ मुलीच्या प्रेमातला अडथळा होता. त्या मुलींच्या हातांना शेणामातीचा, कातड्याचा, घामाचा स्पर्श झालेला दिसत नव्हता. प्रेक्षकाला दया यावी म्हणून अस्पृश्याला आधी सवर्णासारखे दिसावे लागत होते.

ओम पुरी यांचा चेहरा या सौंदर्यशास्त्रात बसणारा नव्हता. देवीच्या व्रणांनी भरलेले गाल, रुंद नाक, खोल गेलेले डोळे. जन्माने ते दलित नव्हते. अंबाल्याच्या पंजाबी कुटुंबातले होते. पण दारिद्र्य त्यांनी पुस्तकातून वाचलेले नव्हते. लहानपणी चहाच्या दुकानात कपबशा विसळल्या, रेल्वेच्या रुळांवरचा कोळसा वेचला, हे त्यांनी स्वतःच सांगितले आहे. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्यविद्यालयात आले तेव्हा पंजाबी माध्यमातून शिकलेल्या या मुलाला इंग्रजी येत नव्हते आणि त्या न्यूनगंडाने तो खचला होता, हेही त्यांनी लपविले नाही. आपल्यापैकी ज्यांनी खेड्यातून येऊन शहरातल्या महाविद्यालयाची पायरी चढली आहे, त्यांना ही खच समजावून सांगायला नको. पुढे याच माणसाने इंग्रजी चित्रपटांत मुख्य भूमिका केल्या आणि 'ईस्ट इज ईस्ट' (१९९९) मधल्या कामासाठी बाफ्टा पारितोषिकाच्या नामांकनापर्यंत मजल मारली.

नाट्यविद्यालयानंतर ते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये आले. त्यांचा पहिला चित्रपट मराठी होता. तेंडुलकरांच्या नाटकावरचा 'घाशीराम कोतवाल' (१९७६). त्यात ते घाशीराम झाले आणि मोहन आगाशे नाना फडणवीस. मुंबईत त्यांनी 'मजमा' ही नाट्यसंस्था उभी केली आणि गो. पु. देशपांडे यांचे 'उद्ध्वस्त धर्मशाळा' हिंदीत आणले. ते नाटक म्हणजे एका डाव्या प्राध्यापकाची चौकशी. त्यात घटना थोड्या आणि वादविवाद फार. थोडक्यात, शब्दाची ताकद जाणणाऱ्या रंगभूमीवर हा नट घडला होता. त्याचा खर्जातला आवाज तर कोणालाही हेवा वाटावा असा होता. ही गोष्ट ध्यानात ठेवू, कारण पुढच्या विवेचनात तिची गरज लागणार आहे.

प्रेमचंदांच्या कथेवर सत्यजित राय यांनी दूरदर्शनसाठी 'सद्गती' केला. दुखीला मुलीच्या सोयरिकीसाठी पंडिताकडून मुहूर्त हवा आहे. तो नुकताच तापातून उठलेला आहे, पोटात अन्नाचा कण नाही. पंडित त्याला अंगण झाडायला लावतो, भुसा वाहायला लावतो आणि शेवटी एक गाठाळ ओंडका फोडायला सांगतो. ओंडका फुटत नाही. दुखी फुटतो. या भूमिकेत ओम पुरी यांनी जे केले आहे ते अभिनयाच्या प्रत्येक विद्यार्थ्याने पुन्हा पुन्हा पाहावे. पंडितापुढे बसताना अंग किती चोरायचे, विस्तव मागायला दारात गेल्यावर पाऊल कोठे थांबवायचे, शिवी ऐकल्यावर मान किती खाली घालायची, याचे एक व्याकरण आपल्या बापजाद्यांच्या शरीरात शतकानुशतके मुरलेले होते. ते व्याकरण या नटाने हाडामांसासकट उचलले आहे. त्यात दयेची याचना नाही, नाटकीपणा नाही. आणि शेवटी, पंडिताच्या टोचणीने पेटून दुखी ओंडक्यावर घाव घालू लागतो तेव्हा त्या घावांत जो संताप आहे, तो संवादांत कोठेही लिहिलेला नाही. तो नटाने खांद्यांतून आणि मनगटांतून आणला आहे.

दलित साहित्याचे वर्णन आपण वेदना, नकार आणि विद्रोह या तीन शब्दांत करीत आलो. त्या भाषेत बोलायचे तर वेदनेचा एवढा प्रामाणिक आविष्कार पडद्यावर क्वचितच झाला असेल. प्रश्न उरतो तो पुढच्या दोन शब्दांचा.

३

'आक्रोश'मध्ये लहान्या भिकूवर स्वतःच्या बायकोच्या खुनाचा आरोप आहे. खरे म्हणजे गावातल्या सत्ताधाऱ्यांनी नागीवर बलात्कार करून तिला मारले आणि आरोप नवऱ्यावर ढकलला. भास्कर कुलकर्णी हा तरुण ब्राह्मण वकील त्याचा बचाव करू पाहतो. पण लहान्या त्याच्याशी एक शब्दही बोलत नाही. कोठडीत नाही, न्यायालयात नाही. शेवटी बापाच्या अंत्यविधीसाठी बेड्यांसह त्याला आणले जाते, तेव्हा तो कुऱ्हाड उचलतो आणि स्वतःच्या बहिणीवर घाव घालतो. नागीची गत तिची होऊ नये म्हणून. मग आभाळाकडे तोंड करून किंचाळतो.

हा शेवट पाहून सुन्न न होणारा माणूस माणूसच नव्हे. लहान्याचे मौन ही न्यायव्यवस्थेवरची साक्ष आहे, ज्या न्यायालयाची भाषा त्याची नाही तेथे त्याने बोलायचे तरी काय, असे या चित्रपटाचे समर्थक म्हणतात. हा युक्तिवाद मला मान्य आहे. एका चित्रपटापुरता तो बिनतोडही आहे. पण चित्रपटातली बाकीची माणसे पाहा. कुलकर्णी बोलतो. गावात आलेला सामाजिक कार्यकर्ता बोलतो. तो बाहेरचा, सुशिक्षित आहे, आणि ती भूमिका महेश एलकुंचवारांनी केली आहे. आदिवासींपैकी बोलतो तो एकटा सरकारी वकील दुसाने. जन्माने आदिवासी, शिकून मोठा झालेला, फोनवरून जातीवाचक धमक्या ऐकणारा आणि तरीही व्यवस्थेची बाजू मांडणारा. म्हणजे पटकथेला दोनच आदिवासी ठाऊक आहेत: एक मुका आणि दुसरा भेदरलेला. शिकलेला, संघटित, आपल्या लोकांसाठी आपल्या तोंडाने बोलणारा तिसरा आदिवासी तिच्यात नाही.

तो इतिहासात नव्हता काय? १९४५ साली ठाणे जिल्ह्यातले वारली वेठबिगारीविरुद्ध उठले होते. गोदावरी परुळेकरांचे 'जेव्हा माणूस जागा होतो' हे पुस्तक 'आक्रोश'च्या दहा वर्षे आधी मराठीत आले होते. त्याच्याही आधी बिरसा मुंडा होऊन गेला होता. आणि दलितांचे पाहावे तर १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथरची स्थापना झाली होती, १९७८ मध्ये 'बलुतं' आले होते, त्याच वर्षी नामांतराच्या ठरावानंतर मराठवाड्यात आमची घरे जळली होती आणि तरीही लढा थांबला नव्हता. 'आक्रोश' ज्या वर्षी आला त्याच १९८० मध्ये लक्ष्मण माने यांचे 'उपरा' आले. ज्या काळात गावकुसाबाहेरचा माणूस मराठीत कधी नव्हे इतक्या मोठ्याने बोलत होता, नेमक्या त्याच काळात पडद्यावर तो मुका झाला.

'आक्रोश'ची पटकथा विजय तेंडुलकरांची आहे. याच तेंडुलकरांनी १९७२ मध्ये नामदेव ढसाळांच्या 'गोलपिठा'ला प्रस्तावना लिहिली. तेंडुलकर हे काही डोळे मिटून बसलेले लेखक नव्हते. ढसाळांचा शब्द काय करू शकतो हे त्यांनी मराठीतल्या इतर प्रस्थापित लेखकांच्या आधी ओळखले होते. म्हणून तर त्यांना हा प्रश्न विचारावासा वाटतो. ज्याने ढसाळ ऐकला होता, त्याला लहान्या मुकाच का दिसला? माझ्या मते याचे उत्तर हेतूत शोधू नये, दृष्टीत शोधावे. 'आक्रोश' लहान्याची गोष्ट सांगतो असे आपण समजतो, पण तो गोष्ट सांगतो कुलकर्णीची. लहान्या हे कुलकर्णीच्या सदसद्विवेकाला पडलेले कोडे आहे. कोडे बोलू लागले तर ते सोडविणाऱ्याचे काम संपते.

४

माझे हे म्हणणे कोणाला एकांगी वाटेल. त्यांनी 'आक्रोश' आणि 'अर्धसत्य' (१९८३) हे दोन चित्रपट शेजारी ठेवून पाहावेत. दिग्दर्शक तेच, गोविंद निहलानी. पटकथाकार तेच, तेंडुलकर. मूळ कथा श्री. दा. पानवलकरांची. नटही तोच. अनंत वेलणकर हा फौजदार प्रामाणिक आहे, बापाच्या धाकात वाढलेला आहे, राजकारणी आणि गुंड यांच्या साट्यालोट्याने पिचलेला आहे. तो बोलतो, भांडतो, दारू पितो, कवितेच्या पुस्तकातली दिलीप चित्रे यांची कविता वाचतो. त्याला अंतर्मन आहे आणि ते व्यक्त करायला भाषा आहे. या भूमिकेने ओम पुरी यांना अभिनयाचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. 'आरोहण' (१९८२) मधल्या हरी मंडलनंतर लागोपाठ दुसरे. कार्लोव्ही व्हारीच्या महोत्सवातही त्यांचा गौरव झाला. हे सारे यथायोग्य होते.

आता दोन्ही चित्रपटांचे शेवट पाहा. वेलणकरचा संताप अनावर होतो तेव्हा त्याचे हात रामा शेट्टीच्या गळ्याभोवती आवळले जातात. लहान्याचा संताप अनावर होतो तेव्हा त्याची कुऱ्हाड स्वतःच्या बहिणीच्या मानेवर पडते. एकच नट, एकच दिग्दर्शक, एकच पटकथाकार. वर्ग आणि जात बदलली तशी संतापाची दिशा बदलली. पांढरपेशाच्या रागाला शत्रू सापडतो. आदिवासीच्या रागाला आपलेच माणूस सापडते. आणि मधे एक माणूस आहे, त्याला आपण विसरू नये. वेलणकर आपला राग रामा शेट्टीपर्यंत नेण्याआधी कोठडीतल्या एका भुरट्या चोरावर काढतो आणि तो चोर मरतो. नायकाच्या शोकांतिकेची पायरी म्हणून एक गरीब मरतो. त्याचे नाव किती प्रेक्षकांच्या लक्षात राहिले?

अभिनयाच्या दृष्टीनेही ही तुलना बोलकी आहे. 'अर्धसत्य'मध्ये ओम पुरी आवाजाचा सारा पल्ला वापरतात. कुजबुज, तुटक उपरोध, फुटलेला आरडाओरडा. 'आक्रोश'मध्ये त्यांच्याकडे फक्त डोळे आणि शेवटची किंकाळी आहे. ज्याला एवढे बोलता येते त्याला गप्प बसवले गेले, हे आपण जाणतो ते त्याच्याच इतर भूमिकांमुळे. त्याच्या अष्टपैलूपणाचा खरा उपयोग मला येथे दिसतो. लहान्याचे मौन ही नटाची मर्यादा नव्हती. तो लेखकाचा निर्णय होता, आणि निर्णयाचा जाब विचारता येतो.

५

'तमस'मधला नत्थू मुका नाही. भीष्म साहनींच्या कादंबरीवर निहलानींनी केलेली ही मालिका १९८८ च्या जानेवारीत दूरदर्शनवर दाखवली गेली. ती थांबवावी म्हणून काही जण न्यायालयात गेले आणि सर्वोच्च न्यायालयाने प्रक्षेपणाच्या बाजूने निकाल दिला. त्या वेळी घरोघरी दूरचित्रवाणी संच नव्हते. वस्तीत एखाद्याच्या घरी संच असायचा आणि चाळीसपन्नास माणसे त्यापुढे दाटीवाटीने बसायची. अशा किती वस्त्यांत नत्थू पाहिला गेला असेल!

मुराद अली नत्थूला एक डुक्कर मारायला सांगतो. गुरांच्या डॉक्टरला हवे आहे, अशी थाप मारतो आणि हातावर पाच रुपये ठेवतो. कोंदट खोलीत, दिव्याच्या उजेडात, त्या जनावराशी नत्थूची जी झटापट चालते तो प्रसंग लांबलचक आहे. ओम पुरी त्यात घामाने निथळतात, घाबरतात, चिडतात, जनावराची क्षमा मागावी तसे पाहतात. दुसऱ्या दिवशी ते डुक्कर मशिदीच्या पायरीवर सापडते आणि शहर पेटते. नत्थूला कळते की हे आपल्या हातून झाले. तेथून शेवटपर्यंत तो अपराधाच्या ओझ्याखाली चालत राहतो, म्हाताऱ्या आईला पाठीवर घेऊन. अखेर तोही मरतो. कादंबरीत शेवटी मुराद अली शांततेच्या मोटारीत बसून घोषणा देत असतो.

भीष्म साहनींची दृष्टी येथे अगदी स्वच्छ आहे. दंगल घडवणारे वेगळे, हत्यार झालेले हात वेगळे आणि मरणारे वेगळे, हे त्यांनी दाखवले. आजही दंगलीत आमच्या तरुणांच्या हाती दगड देणारे आणि नंतर शांतता समितीत मिरवणारे कोण असतात, हे कार्यकर्त्यांना सांगायला नको. त्या अर्थाने नत्थू हा इशारा आहे. पण एक गोष्ट मला खटकते. या कथेत अपराधाची बोचणी एकट्या नत्थूला आहे. ज्यांनी कट केला त्यांना नाही, ज्यांनी कत्तली केल्या त्यांना नाही. फाळणीच्या पापाचे ओझे पाच रुपयांवर राबलेल्या चर्मकाराच्या पाठीवर येते आणि ओम पुरी यांनी ते इतक्या सच्चेपणाने वाहिले की आपणही क्षणभर ते त्याचेच समजतो.

याच वर्षी, याच दूरदर्शनवर, हाच नट वेगळ्या आवाजात बोलत होता. 'कक्काजी कहिन'मध्ये तो बेरकी पुढारी झाला आणि भाषेच्या नुसत्या वळणाने सत्तेचा फोलपणा त्याने उघडा केला. 'भारत एक खोज'मध्ये तो निवेदक झाला. शिवाय दुर्योधन, अशोक, अल्लाउद्दीन खिलजी, औरंगजेब झाला. हजारो वर्षांचा इतिहास देशाने त्याच्या तोंडून ऐकला. त्या मालिकेत जोतीराव फुल्यांवर एक भाग होता. त्यात जोतीराव झाले सदाशिव अमरापूरकर, 'अर्धसत्य'मधले रामा शेट्टी. फुल्यांना तेथे प्रश्न विचारू दिले, भांडू दिले. याचा अर्थ एवढाच की नट होते, माध्यम होते, प्रेक्षकही होता. बोलणारा शूद्रातिशूद्र दाखवला तर तो पाहिला जात होता.

६

चार भूमिकांतली एक मी मुद्दाम मागे ठेवली होती. केतन मेहतांचा 'भवनी भवाई' हा गुजराती चित्रपट 'आक्रोश'च्याच वर्षीचा. त्याला वास्तववादाचे सोवळे नाही. आपल्या तमाशाशी नाते सांगणाऱ्या भवाई या लोकनाट्याच्या अंगाने तो गोष्ट सांगतो. गळ्यात थुंकण्याचे मडके आणि पाठीमागे झाडू बांधलेले अस्पृश्य, मूर्ख राजा, विहिरीला पाणी लागावे म्हणून द्यायचा बळी. ओम पुरी यांचा मालो भगत टाकून दिलेल्या राजपुत्राला वाढवतो. ही गोष्ट सांगणारा म्हातारा आपल्या लोकांना गोड शेवट ऐकवतो, सारे सुखी झाले म्हणून. तेव्हा ऐकणाऱ्यांतूनच कोणी उठतो आणि म्हणतो, हे खोटे आहे. मग शेवट पुन्हा सांगितला जातो आणि या वेळी तो गोड नसतो.

माझ्या समजुतीप्रमाणे ओम पुरी यांच्या या चार चित्रपटांत नकाराचा क्षण हा एकच. तो त्यांच्या पात्राने उच्चारलेला नाही, पण त्यांच्या पात्राच्या माणसांनी उच्चारलेला आहे. गोष्ट कशी संपावी हे ठरविण्याचा हक्क गोष्टीतल्या माणसांनी हाती घेतला. हे घडले लोककलेच्या सांगाड्यात, जेथे सोंगाड्याला राजाची टर उडवायची मुभा असते. जेथे कॅमेरा गंभीर झाला आणि करुणा दाटून आली, तेथे मात्र आमचा माणूस मरणाखेरीज काही करू शकला नाही.

'सद्गती'च्या बाबतीत तर एक योगायोग मला फार जाळतो. त्याचे चित्रीकरण छत्तीसगडात, रायपूरच्या परिसरात झाले. त्याच मुलखात दीडशेहून अधिक वर्षांपूर्वी गुरू घासीदासांनी चर्मकारांना ब्राह्मण आणि त्याची कर्मकांडे सोडायला सांगितले होते आणि सतनामी पंथ उभा राहिला होता. ज्या मातीने पंडिताला नाकारले, त्या मातीवर उभे राहून आमचा दुखी पंडिताकडे मुहूर्त मागतो. राय प्रेमचंदांशी प्रामाणिक राहिले, यात शंका नाही. पण १९५६ च्या धर्मांतरालाही पंचवीस वर्षे झाली होती. साहित्यकृतीशी प्रामाणिक राहताना जमिनीचा इतिहास नजरेआड झाला, हे म्हणण्याचा अधिकार आपण सोडू नये.

७

पुढची पंचवीस-तीस वर्षे ओम पुरी यांनी पुष्कळ काम केले. त्यातले काही मोठे होते. 'सिटी ऑफ जॉय' (१९९२) मधला हजारी पाल, 'धारावी' (१९९२) मधला टॅक्सीवाला, 'माय सन द फॅनॅटिक' (१९९७) मधला परवेझ, 'मकबूल' (२००३) मधला भविष्य सांगणारा फौजदार. काही नुसते पोटासाठी केलेले होते. विनोदी चित्रपटांत ते सरदार झाले, भांडखोर झाले, हास्यास्पदही झाले. कलात्मक चित्रपटाचे काही चाहते त्याबद्दल नाक मुरडतात. मी मुरडणार नाही. ज्याने लहानपणी कपबशा विसळल्या त्याने म्हातारपणी भाकरीची तजवीज केली तर त्याला तत्त्वज्ञान शिकवण्याचा अधिकार भरल्या पोटाच्या समीक्षकाला नाही.

मला खंत आहे ती वेगळी. या दीर्घ वाटचालीत बोलणारा, संघटना बांधणारा, न्यायालयात स्वतःची बाजू मांडणारा दलित साकारण्याची संधी या नटाला मिळाल्याचे मला दिसत नाही. 'मिर्च मसाला' (१९८७) मधला अबू मियाँ आठवा. म्हातारा पहारेकरी, पण सत्तेपुढे दार उघडायला नकार देणारा. नकार कसा उभा करायचा हे ओम पुरी यांना पुरेपूर ठाऊक होते. तो नकार त्यांच्या दुखीला, लहान्याला, नत्थूला लिहून देणारा लेखक मात्र त्यांना भेटला नाही. आणि तो लेखक आम्हीही वेळेवर पुरवला नाही. कविता केली, आत्मकथने लिहिली, जलसे केले. पटकथेकडे फार उशिरा वळलो. हा दोष आपल्या पदरात घेऊनच बोलले पाहिजे.

२०१३ मध्ये नागराज मंजुळे यांचा 'फँड्री' आला. त्यातही डुक्कर आहे. जब्याच्या घरच्यांना ते गावासाठी पकडावे लागते, सारी शाळा पाहात असताना. मारलेले डुक्कर खांद्यावर घेऊन ते जातात तेव्हा मागे भिंतीवर बाबासाहेब आहेत, सावित्रीबाई आहेत. आणि शेवटी जब्या दगड उचलतो आणि सरळ पाहणाऱ्याच्या दिशेने भिरकावतो. नत्थूचे डुक्कर त्याला अपराधी करून गेले. जब्याचे डुक्कर आपल्याला अपराधी करून गेले. पंचवीस वर्षांत हा फरक पडला तो कॅमेऱ्यामागचा माणूस बदलला म्हणून. तरीही मी म्हणेन की जब्याच्या दगडाला जो वेग आहे, त्यात दुखीने ओंडक्यावर घातलेल्या घावांचा वाटा आहे. तो संताप पडद्यावर आधी एका नटाने आपल्या मनगटातून आणला होता, कोणी लिहून दिलेला नसताना.

३१ जानेवारी १९२० रोजी बाबासाहेबांनी आपल्या पहिल्या पाक्षिकाला 'मूकनायक' हे नाव दिले. या शब्दाचे दोन अर्थ होतात. एक, जो मुका आहे असा नायक. दुसरा, मुक्यांचा नायक, त्यांच्या वतीने आणि त्यांना बोलते करण्यासाठी उभा राहिलेला. बाबासाहेबांना दुसरा अर्थ अभिप्रेत होता. त्यानंतर साठ वर्षांनी सहानुभूतीच्या चित्रपटाने पहिला अर्थ घेतला आणि त्यासाठी या देशातला एक अत्यंत बोलका नट वापरला. ओम पुरी यांनी आपले काम चोख केले. आमच्या शरीराला त्यांनी पडद्यावर जी प्रतिष्ठा दिली तिचे ऋण मानून, त्या शरीराला शब्द देण्याचे उरलेले काम आता आपले आहे. आपल्या महाविद्यालयांत, वस्त्यांत, शिबिरांत हे चारही चित्रपट दाखवा. दाखवून झाल्यावर दिवे लावा आणि मुलांना विचारा: लहान्या बोलला असता तर काय बोलला असता? मुले जे सांगतील ते लिहून ठेवा. आपली पटकथा तेथून सुरू होईल.